पाळीवरची शिट्टी

जानेवारी लागला की आमच्या पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीतल्या शाळेत गॅदरिंगची धांदल सुरू व्हायची. धान घरात आलेलं, मंडईचे, म्हणजे गावजत्रांचे, दिवस सरलेले, मामा (माजी मालगुजारी) तलावात पाणी अजून टिकून असलेलं. नाच, नाटुकली आणि शेवटच्या दिवशी पळसाच्या पत्रावळीवर वरण-भात, वांग्याची भाजी, बुंदी. हे सगळ्याच शाळांत असतं. आमच्याकडे मात्र पहिल्या दिवशी सकाळी तलावात वॉटरपोलो व्हायचा, पोहत पोहत चेंडू गोलात टाकायचा खेळ. तो बघायला शेजारच्या गावांतली माणसंही पाळीवर, म्हणजे तलावाच्या बांधावर, येऊन बसायची.

आमचे पी.टी.चे सर नागपूरला शिकताना हा खेळ खेळलेले. दोन बांबू आणि मासे धरणाऱ्या ढिवरांकडून मागून आणलेलं जुनं जाळं, की झाला गोल. टोप्या आयांनी शिवलेल्या: एका संघाच्या पांढऱ्या, दुसऱ्याच्या निळ्या, गोलकीपरच्या लाल. खरा चेंडू ४०० ते ४५० ग्रॅमचा असतो. आमचा व्हॉलीबॉल हलका, म्हणून सर तो रात्रभर भिजवायचे आणि सकाळी किराणा दुकानाच्या तराजूत टाकून बघायचे.

तळाला पाय टेकवायचा नाही आणि गोलकीपर सोडून कुणी चेंडूला दोन हात लावायचे नाहीत. तरंगत राहण्याची लाथ सरांनी वर्गातच शिकवली. बाकाच्या टोकावर बसवायचे, गुडघे फाकवायचे आणि सांगायचे, "रवीनं ताक घुसळतात ना, तसे पाय फिरवा. एक इकडून, एक तिकडून." आठवडाभर मांड्या भरून यायच्या. पण एकदा ते जमलं की छातीपर्यंत अंग पाण्याबाहेर यायचं. तो आनंद मला पुढे दुसऱ्या कशात मिळाला नाही.

सामन्याआधी सर माइकवर बोलत. आधी आपलं: १९५१ च्या दिल्लीच्या आशियाई स्पर्धेत भारतानं वॉटरपोलोचं सुवर्ण जिंकलं, सचिन नाग यांनी १०० मीटर पोहण्याचंही. मग दरवर्षी हंगेरीचे देझो ग्यारमाती. १९४८ ला लंडनमध्ये रौप्य, १९५२ आणि १९५६ ला सुवर्ण, १९६० ला कांस्य, १९६४ ला पुन्हा सुवर्ण. पाच ऑलिंपिक, पाच पदकं. मग हाच माणूस देशाच्या संघाचा प्रशिक्षक झाला: १९७२ ला म्युनिकमध्ये रौप्य, १९७६ ला मॉन्ट्रियलमध्ये सुवर्ण, १९८० ला मॉस्कोत कांस्य. एका वर्षी घाईत सरांचं सांगायचं राहून गेलं, तर पाळीवरून एका आजोबांनी हाक दिली, "सर, मॉन्ट्रियल राहिलं जी!"

ग्यारमातींच्या पत्नी एव्हा सेकेय यांनी १९५२ ला पोहण्यात सुवर्ण मिळवलं आणि मुलगी आंद्रेआनं म्युनिकमध्ये रौप्य आणि कांस्य. हे सर खास मुलींच्या रांगेकडे बघून सांगत. तिसऱ्या वर्षी सहा मुली निळ्या टोप्या घालून पाण्यात उतरल्या. पाळीवरच्या बायांनी पदर खोचून टाळ्या वाजवल्या, ते दृश्य अजून डोळ्यांपुढे आहे.

दहावीच्या वर्षी सरांनी माझ्या डोक्यावरची टोपी काढून घेतली आणि गळ्यात शिट्टी अडकवली. "आठवीची पोरं तुझी. आता तू खेळव." मला रडूच आलं. खेळणारा मी, काठावर उभं राहून करू काय? सकाळी धुकं होतं. माझ्या संघातला सगळ्यात लहान पोरगा गोलासमोर पाठ करून तरंगत होता. मी ओरडलो, "डावा खांदा!" त्यानं मागे न बघता खांदा वळवला, एका हातानं चेंडू झेलला आणि त्याच झोक्यात जाळ्यात टाकला. चेंडू त्याच्या हातून सुटला, पण हात माझाही थरथरला. ग्यारमातींची मॉन्ट्रियलची गोष्ट मला त्या दिवशी पहिल्यांदा कळली.

आता मी शहरात असतो, पण गॅदरिंग चुकवत नाही. यंदा सरांना खुर्चीत बसवून पाळीवर आणलं होतं. आवाज बारीक झालाय. नवे सर माइकवर बोलायला उठले, एवढ्यात पोट्ट्यांनी गलका केला, "मोठे सर! मॉन्ट्रियल!"

नव्या सरांनी माइक त्यांच्या हातात दिला.