अस्वल डाव्या हाताला

आमच्याकडे सप्तर्षी बुडतात. रत्नागिरीचा अक्षांश 17 अंश, त्यामुळे ध्रुवाभोवती फिरता फिरता सातही जण क्षितिजाखाली जातात. आश्विन-कार्तिकात संध्याकाळी खळ्यात उभं राहून उत्तरेला बघितलं तर शर्मिष्ठेचा तारकासमूह वर आलेला दिसतो आणि ऋषींचा पत्ता नसतो. माझा आजा गलबतावर तांडेल होता. मंगळूरची कौलं भरून मुंबईला न्यायची, येताना मिळेल तो माल. तो आकाशाकडे बघून एवढंच म्हणायचा, "ऋषी बुडाले." माझ्या लेखी ती पंचांगातल्या नोंदीइतकी साधी गोष्ट होती.

पुढे मी मर्चंट नेव्हीत गेलो. सेकंड ऑफिसर असताना रात्री बारा ते चारचा वॉच, म्हणजे पहारा, माझ्याकडे असे. जहाजाच्या मेसमधल्या कपाटात कुणीतरी सोडून गेलेलं, पाठपुठ्ठा निखळलेलं ओडिसी सापडलं, म्हणजे होमर या प्राचीन ग्रीक कवीचं महाकाव्य, ट्रॉयच्या युद्धानंतर इथाका बेटावरच्या घरी परतणाऱ्या ओडिसियसची गोष्ट. पाचव्या सर्गात आलो आणि अडखळलो. कॅलिप्सो या अप्सरेच्या बेटावरून निघालेला ओडिसियस तराफ्याच्या सुकाणूवर बसलाय. डोळ्याला डोळा नाही. नजर कृत्तिकांवर, उशिरा मावळणाऱ्या भूतप तारकासमूहावर आणि अस्वलावर. हे अस्वल म्हणजे आपले सप्तर्षी. होमर म्हणतो, ते एका जागी गोल फिरतं, ओरायनवर म्हणजे आपल्या मृगावर डोळा ठेवून असतं, आणि सागरातल्या स्नानात फक्त त्याला वाटा नाही. कॅलिप्सोनं बजावलंय, अस्वल डाव्या हाताला ठेवून जा. तो सतरा दिवस तसाच जातो आणि अठराव्या दिवशी फायेशियन लोकांच्या देशाचे डोंगर दिसतात.

मला वाटलं, आंधळा कवी होता म्हणतात, चुकला असेल. ऋषी तर बुडतात! मग ताऱ्यांच्या स्थानांची टेबलं काढून आकडेमोड केली. इथाका बेट साधारण 38 अंश उत्तरेला. आज तिथंही शेपटीच्या टोकाचा मरीची थोडा वेळ क्षितिजाखाली जातोच. पण पृथ्वीचा अक्ष भोवऱ्यासारखा डुलतो, 26,000 वर्षांत एक फेरी, आणि होमरच्या काळात, म्हणजे सुमारे 2,700 वर्षांपूर्वी, खगोलाचा ध्रुव सप्तर्षींच्या बराच जवळ होता. तेव्हा त्या अक्षांशावरून सातही तारे रात्रभर पाण्याच्या वर राहत. ओळ बरोबर होती, मीच 17 अंशांवरून वाचत होतो.

त्या काळी ध्रुवाच्या जागी एकही ठळक तारा नव्हता, हे लक्षात घेतलं की कॅलिप्सोच्या सूचनेतली गंमत कळते. कधीच न बुडणारं असं काहीतरी उत्तरेला हवं, ते डावीकडे ठेवलं की तोंड पूर्वेला. पण अस्वल फिरतं, म्हणजे रात्रभरात ते डाव्या खांद्याच्या थोडं पुढं-मागं सरकणार. मग बाकीचे तारे कशाला? शरदातल्या रात्री कृत्तिका पूर्वेकडून वर येतात तेव्हा भूतप, ज्यातली स्वाती आपल्याला माहीत आहे, वायव्येकडं मावळत असतो, आणि तोही उभा असल्यानं सावकाश. पूर्वेला जाणाऱ्याला एक खूण पुढं, एक मागं, एक डावीकडं. वॉचवर असताना मी हे करून पाहिलंय. दिशा दाखवणारा जायरोकंपास झाकून नव्हे, तेवढं धाडस नव्हतं. पण त्याच्याकडं न बघता. अर्धा तास बरं जमतं. मग ढग येतो.

आजच्या लेबनॉनकडचे जुने दर्यावर्दी फिनिशियन लोक मात्र छोट्या अस्वलाचा, म्हणजे आपल्या ध्रुवमत्स्याचा, आधार घेत, असं अराटस या ग्रीक कवीनं लिहून ठेवलंय. ते आकारानं लहान, अंधूक, पण ध्रुवाभोवती लहान वर्तुळात फिरणारं, म्हणून दिशा जास्त नेमकी. ग्रीकांचं मोठं अस्वल दिसायला सोपं. सोपं की नेमकं हा वाद आमच्या ब्रिजवरही, म्हणजे जिथून जहाज हाकतात तिथं, रोज व्हायचा, फक्त वस्तू वेगळ्या.

लोक मला विचारतात ते राक्षसांबद्दल. इटली आणि सिसिली यांच्यामधल्या मेसिनाच्या सामुद्रधुनीतून जाताना एका कॅडेटनं विचारलं, "सर, कॅरिब्डिस कुठं?" कॅरिब्डिस ही ओडिसीतली पाणी गिळणारी राक्षसीण. जागा तीच असावी, कारण ग्रीक इतिहासकार थ्युसिडिडीसनंही याच सामुद्रधुनीला कॅरिब्डिस म्हटलंय. सर्वांत अरुंद ठिकाणी रुंदी 3 किलोमीटरच्या आसपास. दोन बाजूंच्या समुद्रांची भरती-ओहोटी एकमेकींशी जुळत नाही, म्हणून साधारण सहा तासांनी प्रवाह उलटतो आणि पाण्यावर भोवरे दिसतात. आमच्या जहाजाला ते जाणवतसुद्धा नाहीत. वल्ह्यांच्या नावेला जाणवले असणार. होमर म्हणतो, ती दिवसातून तीनदा पाणी गिळते. सहा तासांचं गणित घातलं तर हिशेब जुळत नाही, आणि हे जुन्या ग्रीकांच्याही लक्षात आलं होतं. पण नकाशावर राक्षस टाचत बसण्यात मला रस नाही. इरॅटोस्थेनिस या ग्रीक भूगोलज्ञानं तर हात टेकून म्हटलं होतं की ओडिसियसला मिळालेली वाऱ्यांची पिशवी शिवणारा मोची सापडला, की ओडिसियस कुठं भटकला तेही सापडेल.

माझं म्हणणं, राक्षसांची पानं भराभर उलटा आणि कंटाळवाण्या ओळींवर थांबा. खलाशांचं ज्ञान तिथं आहे.

उदाहरणार्थ तिसरा सर्ग. म्हातारा राजा नेस्टर ट्रॉयच्या युद्धाहून परतल्याची हकीकत सांगतोय. लेस्बॉस बेटावर जहाजं थांबलीत आणि वाद चाललाय: खिऑस बेटाच्या बाहेरून, प्सिरिया बेट डावीकडं ठेवून जायचं, की खिऑसच्या आतून, वादळी मिमास भूशिराला लागून? आत गेलं तर आडोसा आणि रात्री नांगर टाकायला किनारा, पण वळसा. बाहेरून गेलं तर मोकळा समुद्र. त्यांनी देवाकडं कौल मागितला. कौल मिळाला तो तिसराच: सरळ समुद्र कापून युबिया बेटाला जा. वारा शिट्ट्या घालायला लागला, जहाजं सुटली, आणि रात्री ती युबियाच्या दक्षिण टोकाला, गेराइस्टॉसला लागली. दीडशे किलोमीटरच्या वर उघडा समुद्र. तिथं त्यांनी समुद्रदेव पोसायडनला बैलांच्या मांड्या वाहिल्या, एवढा मोठा समुद्र "मोजून" आलो म्हणून. होमरचा शब्द खरंच मोजण्याचा आहे.

हा उतारा मी चार्ट उघडून वाचलाय. प्सिरिया म्हणजे आजचं प्सारा, आणि ते अगदी त्याच जागी आहे. हे काव्य रचणाऱ्यानं किंवा त्याला सांगणाऱ्यानं तो वाद कुठल्यातरी किनाऱ्यावर बसून ऐकला असणार. कौल लावणं तर मला परकं वाटलंच नाही. आमच्या गावात नवी होडी पाण्यात घालताना देवीला कौल लागतोच, आणि बहुतेक वेळा देवी तांडेलाच्या मनातलंच सांगते.

युबियाचं ते दक्षिण टोक पार करून ईशान्येला गेलात की काफिरेआस भूशिर. डार्डनेल्सकडून येताना आम्ही तिथून जायचो आणि उन्हाळ्यात उत्तरेचा मेल्टेमी वारा असा काही धरायचा की कुकचे डबे गॅलीत नाचायचे. पुराणकथेत इथंच नॉप्लिअस आग पेटवतो. त्याचा मुलगा पालामिडीस याला ग्रीकांनी कपटानं मारलं होतं. परतणाऱ्या जहाजांना बंदर वाटावं म्हणून बापानं कड्यावर जाळ केला आणि जहाजं खडकांवर आपटली. खोट्या दिव्यानं फसवता येतं ते खऱ्या दिव्यांची सवय असली तरच. दीपगृहांच्या आधी किनाऱ्यावरचा जाळ ही खूण होती, हे ही सूडकथा न सांगता सांगून जाते.

आणि हेसिअड हा जुना ग्रीक कवी! तो शेतकरी, समुद्राला घाबरणारा, भावाला उपदेश करणारा. कृत्तिका ओरायनला भिऊन समुद्रात पडल्या की, म्हणजे नोव्हेंबरच्या सुरुवातीला पहाटे त्या मावळायला लागल्या की, नाव पाण्यात ठेवू नकोस. वर ओढ, चहूबाजूंनी दगड रच, बुडाचं बूच काढ म्हणजे पावसाचं पाणी साचून लाकूड कुजणार नाही, शीड नीट घडी करून घरात ने आणि सुकाणू धुरावर टांग. हे वाचताना मी मोठ्यानं हसलो. आमच्या पडवीत आढ्याला पावसाळाभर सुकाणू टांगलेलं असे, मागच्या दारच्या चुलाणाचा धूर लागेल अशा बेतानं, कीड धरू नये म्हणून. मी लहानपणी एकदा त्याला झोपाळा बांधला होता. आज्यानं मला मारलं ते आयुष्यात तेवढं एकदाच.

ऋतू वेगळे, तिथं हिवाळा बंद, इथं पावसाळा. झावळ्यांचं छप्पर आमचं, दगड त्यांचे. बूच मात्र तेच. हेसिअड पुढं म्हणतो, अंजिराच्या शेंड्याचं पान कावळ्याच्या पावलाएवढं झालं की वसंतातला प्रवास सुरू होतो, पण त्याला स्वतःला काही तो पटत नाही. उन्हाळ्यातला लांब दिवस उलटल्यानंतरचे पन्नास दिवस खरे. आणि मग हा गृहस्थ कबूल करतो की आपण जहाजातून एकदाच गेलोय: अवलिसहून युबियाला, एका स्पर्धेत गाणं म्हणायला. तिथून जवळच खाल्किसपाशी ही सामुद्रधुनी 40 मीटर रुंद आहे. आमच्या गावची खाडी मोठी! वर तो आठवण करून देतो की ट्रॉयला निघालेलं ग्रीकांचं आरमार याच अवलिसला हवामानामुळं अडकलं होतं. चौकोनी शिडाची जहाजं समोरच्या वाऱ्यात पुढं जात नाहीत. आरमाराचा प्रमुख राजा अगामेम्नॉन यानं वाऱ्यासाठी पोरीचा बळी द्यायची गोष्ट त्या साध्या अडचणीवर उभी आहे.

नावा कशा बांधत, यावरही एक ओळ आहे. ट्रॉयच्या युद्धावरच्या होमरच्या इलियड या महाकाव्याच्या दुसऱ्या सर्गात अगामेम्नॉन म्हणतो, नऊ वर्षं झाली, जहाजांची लाकडं कुजली, दोर सैलावले. हे दोर शिडाचे की फळ्या शिवलेले, यावर अभ्यासकांत दुमत आहे. मी शिवलेल्या फळ्यांच्या बाजूचा. मे 2025 मध्ये आयएनएसव्ही कौंडिण्य कारवारला नौदलात आली, ती गोव्यात काथ्यानं फळ्या शिवूनच बांधली होती. ओडिसियसचा तराफा मात्र वेगळा: वीस झाडं, भोकं पाडून खुंट्यांनी सांधलेली. तुर्कस्तानच्या किनाऱ्यावर उलूबुरूनला सापडलेल्या, इसवी सनापूर्वी चौदाव्या शतकातल्या जहाजाच्या फळ्या अशाच खाचा आणि खुंट्यांनी जोडलेल्या होत्या. त्या जहाजात सुमारे 10 टन तांबं होतं.

सगळ्यांत खरा प्रसंग मला दहाव्या सर्गातला वाटतो. वाऱ्यांचा राजा इओलस सगळे उलटे वारे चामड्याच्या पिशवीत बांधून देतो, फक्त पश्चिमेचा मोकळा ठेवतो. नऊ दिवस, नऊ रात्री ओडिसियस शिडाचा दोर दुसऱ्या कुणाच्या हाती देत नाही. दहाव्या दिवशी इथाका दिसतं, इतकं जवळ की किनाऱ्यावर जाळ सांभाळणारी माणसं दिसतात. आणि तो झोपतो. खलाशी पिशवी सोडतात, वादळ त्यांना परत मागं फेकतं. लोक याला खलाशांच्या हावरेपणाची गोष्ट म्हणतात. वॉच केलेला कुणीही सांगेल, ही गोष्ट वॉच न वाटून देणाऱ्या कप्तानाची आहे. पहाटे साडेतीनला, बंदराचे दिवे दिसायला लागल्यावरच डोळे मिटतात. मी एकदा उभ्या उभ्या पेंगलो आणि कपाळ रडारच्या कडेवर आपटलं. खोक अजून आहे.

ग्रीक पुढं खरोखरच आपल्या किनाऱ्यावर आले. पहिल्या शतकातल्या त्यांच्या एका नाविक मार्गदर्शिकेत कल्याण आणि चौल ही बंदरं आहेत. पण तिथं राक्षस नाहीत, मालाच्या याद्या आहेत, म्हणून ते कुणी वाचत नाही.

निवृत्तीनंतर मी सातारा जिल्ह्यात राहतो, बायकोच्या माहेरगावी. समुद्र दिसायला घाट ओलांडून जावं लागतं. ओडिसियसला भविष्य सांगणाऱ्या टायरेसियसनं बजावलं होतं: घरी पोचल्यावर खांद्यावर वल्हं घे आणि आत जमिनीकडं चालत जा. जिथं लोकांना समुद्र माहीत नसेल, जेवणात मीठ नसेल, आणि एखादा वाटसरू त्या वल्ह्याला धान्य उफणायचं फावडं म्हणेल, तिथं ते जमिनीत रोव.

माझा सेक्स्टंट, म्हणजे ताऱ्यांची उंची मोजायचं यंत्र, सोप्यात कपाटावर असतो. मागच्या महिन्यात शेजारचे अण्णा आले. बांधावरून त्यांचं भावकीशी भांडण चालू आहे. सेक्स्टंट हातात घेऊन त्यांनी आरशात डोळा लावून बघितलं आणि म्हणाले, "रावसाहेब, हे मोजणीचं यंत्र का हो?"

मी हो म्हणालो.

"मग आमचा बांध जरा बघता का?"

चहा झाल्यावर आम्ही दोघं शेतावर गेलो.