चोडण-दिवाडीचे बांध आणि गावकरी

दिवाडी, चोडण, जुवें, कुंभारजुवें. गोव्यातल्या मांडवी नदीच्या या बेटांवरची कितीतरी शेतं भरतीच्या पातळीच्या खाली आहेत. बांध नसते तर तिथे भात नव्हे, खारफुटी दिसली असती. म्हणून इथला समाज समजून घ्यायचा तर देवळापासून किंवा इगर्जीपासून (चर्चपासून) नको, मानशीपासून सुरुवात करावी.

मानस म्हणजे बांधातलं लाकडी दार. खाऱ्या पाण्यात टिकतं म्हणून मट्टीचं लाकूड, आणि दोन्ही बाजूंना चिऱ्यांची भिंत. भरती चढली की नदीचं पाणीच फळ्या दाबून दार बंद करतं. सुकती (ओहोटी) लागली की आतलं पाणी दार ढकलून बाहेर पडतं. माणसाने फक्त लक्ष ठेवायचं. आतलं पाणी आधी पोंयीत, म्हणजे दाराआतल्या तळीत, जमतं आणि तिथून मानशीकडे येतं. पोंय गाळाने भरली की दार कितीही चांगलं असलं तरी शेतात पाणी तुंबतं.

जूनच्या पहिल्या पावसाने जमिनीतलं मीठ धुऊन निघालं की मोड आलेलं कोरगुट भात पेरायचं. ही जात थोडा खारटपणा सोसते. कापणीनंतर नदीचं खारं पाणी मुद्दाम आत घेतात आणि उन्हाळ्यापर्यंत सुंगटं (कोळंबी), मासळी धरतात. मानशीवरच्या मासेमारीची पावणी, म्हणजे लिलाव, होते. खरी गोम इथेच आहे. पावणी घेणाऱ्याला जास्त पाणी आत हवं असतं आणि भातवाल्याला कमी. मासळीसाठी दार भरतीतही उघडं राहिलं, तर आत शिरणाऱ्या लोंढ्याने मानशीचा पाया खरवडला जातो.

हा तंटा सोडवायची जागा म्हणजे गावकरी, गावाची सामाईक संस्था. जमीन सामाईक, ती लिलावाने कसायला द्यायची, उत्पन्नातून आधी बांध, देऊळ आणि गावखर्च भागवायचा आणि उरलं ते जोण म्हणून गावकरांत वाटायचं. पोर्तुगीजांनी ही पद्धत मोडली नाही. १५२६ च्या फोरालात (सनदेत) तिचे रिवाज लिहून घेतले आणि पुढे तिला कोमुनिदाद म्हटलं. मात्र तिचे गोडवे गाताना एक विसरू नये. गावकरपणाचा हक्क वांगडातल्या (मूळ घराण्यांतल्या) पुरुषांना वंशपरंपरेने मिळायचा, आणि सुकतीला नदीतला चिखल उपसून बांधावर चढवणारे हात कित्येकदा त्या वांगडाबाहेरचे असायचे.

१९६४ च्या कूळ कायद्यानंतर बांध कुळांच्या संघांकडे आले. कसणाऱ्याला हक्क मिळाला, हे योग्यच झालं. पण जमीन पड ठेवणारा बांधाकडे फिरकत नाही, आणि बांध तर सगळ्यांचा एकच.

बांध फुटतो तो बहुधा कुर्लीच्या बिळापासून. बोटभर धार दिसली की तोंडावर चिखल थापून भागत नाही, आत पोकळी तशीच राहते. बीळ शेवटापर्यंत खणून काढायचं, घट्ट चिखल थराथराने ठोकून भरायचा आणि नदीच्या अंगाला चिरे लावायचे. बाहेरची खारफुटी तोडायची नाही, लाटेचा पहिला मार तीच झेलते. हे सगळं पावसाआधी व्हायला हवं. एकदा खारं पाणी भातात शिरलं की त्या सालचं पीक जातं, आणि जमीन पुन्हा गोडी व्हायला वेळ लागतो.