उकळी येऊ द्यायची नाही

क्योतोतल्या त्या स्वयंपाकघरात माझी पहिली चूक गॅस पेटवायच्याही आधी झाली. जपानी स्वयंपाक शिकवणाऱ्या बाईंनी माझ्या हातात एक काळपट हिरवी, चामड्यासारखी ताठ पट्टी दिली. तिच्यावर पांढरी भुकटी धरलेली. तीस वर्षं भाजी-मासळी निवडणाऱ्या हाताला बुरशी दिसली की तो कोणाला विचारत बसत नाही. मी पट्टी सरळ नळाखाली धरली आणि अंगठ्याने खसाखसा चोळायला लागले. बाई जपानीत काहीतरी म्हणत धावत आल्या, पण तोवर पट्टी लख्ख झाली होती.

ती पट्टी म्हणजे कोम्बू, होक्काइदोच्या थंड समुद्रातलं शेवाळ. आणि ती बुरशी नव्हतीच. ते मॅनिटॉल नावाचं गोडसर द्रव्य, पट्टी वाळताना आतून वर येतं. कोम्बू धुवायचा नाही, ओल्या फडक्याने हलकेच पुसायचा. मी चव धुऊन टाकली होती. बाईंनी मला दुसरी पट्टी दिली, आणि धुतलेली फेकून न देता एका वाटीत ठेवून दिली.

वर्ग नवशिक्यांचा होता. नाव नोंदवताना मला जरा नाकाला लागलं होतं, खोटं कशाला सांगू. रत्नागिरीत लग्नापासून वीस-वीस पानांचा स्वयंपाक केलेली मी, आणि नवशिकी? पण बरोबर माझ्या मोठ्या नणंदबाई होत्या, आणि त्यांच्यासाठी म्हणून हा खटाटोप होता. वन्संनी बारा वर्षांपूर्वी माळ घातली. मासे नाहीत, अंडं नाही, कांदा-लसूण नाही, दारूचा थेंब नाही. जपानात आठ दिवस त्या केळी, दही आणि आम्ही नेलेल्या मेतकुटावर काढणार, हे मला तोकियोत दुसऱ्याच दिवशी दिसायला लागलं. इथे घरच्यासारखं त्यांना खाता येईल असं काही शिकावं, एवढाच माझा हेतू.

नोंदणीच्या फॉर्मवर 'शाकाहारी' असा एक चौकोन होता. त्यावर नुसती खूण करून भागत नाही, हे कोणी जाणार असेल त्याने लक्षात ठेवावं. तिकडे भाजी शाकाहारी असली, तरी ती ज्या पाण्यात शिजते ते पाणी बहुधा माशाचं असतं. नूडल्सच्या बाटलीबंद रसात मासा, मिसो म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनचा लगदा, त्याच्या काही डब्यांत आधीच घातलेला मासा. शिवाय मिरीन नावाची गोड दारू, तिच्यात चौदा टक्क्यांच्या आसपास अल्कोहोल. मी सगळं एकेक करून लिहिलं: मासा नको, माशाचं पाणी नको, अंडं नको, साके नको, मिरीन नको, कांदा-लसूण नको. पाठवल्यावर वाटलं, आता नकोच म्हणतील. दुसऱ्या दिवशी दोन ओळींचं उत्तर आलं. म्हणे, आमच्या देवळांतला स्वयंपाक असाच असतो, या. बौद्ध मठांत शोजिन र्‍योरी म्हणून जेवण असतं, त्यात मासा-मटण नाहीच, पण कांदा-लसणासारखी उग्र वासाची कंदमुळंही वर्ज्य. वन्संना वाचून दाखवलं तर त्या म्हणाल्या, "मग हे आपल्यातलेच की गं!"

निशिकी बाजाराच्या जवळ, गल्लीतलं जुनं लाकडी घर. आम्ही सहाजणं. फी माणशी आठ हजार येन, वेळ तीन तास.

पहिला पाऊण तास फक्त पाण्यावर गेला. दाशी म्हणजे अक्षरशः पाणीच, चवीचं पाणी, आणि बाकी सगळं त्यावर उभं. लिटरभर पाण्यात दहा ग्रॅम कोम्बू अर्धा तास भिजत ठेवायचा, मग मंद आचेवर चढवायचा. तळाशी बारीक बुडबुडे धरायला लागले की पट्टी बाहेर. उकळी फुटली तर पाणी बुळबुळीत होतं आणि कडसर वास येतो. माझ्या भांड्याशी मी उभी, आणि हात आपोआप गॅसच्या बटणाकडे जातोय, मोठा करायला. आमच्याकडे आमटीला खळखळून उकळी आली नाही तर ती आमटी नव्हे, कच्चं पाणी. बाई शेजारून गेल्या आणि माझं मनगट दोन बोटांनी धरून मागे घेतलं. तीन तासांत त्यांनी हे निदान पाच वेळा केलं असेल.

मग त्यांनी कपाटातून दोन लाकडाचे तुकडे काढले आणि एकमेकांवर आपटले. टक्क. लाकूडच. ते लाकूड नव्हतं, मासा होता: कात्सुओ, आपल्या कुप्याच्या जातीतला. उकडून, पुन्हा पुन्हा धुरी देऊन, वर बुरशी चढवून महिनोन् महिने वाळवलेला. म्हणजे जी बुरशी मी कोम्बूवरून घासून काढली ती बुरशी नव्हती, आणि जिच्याकडे मी कौतुकाने बघत होते ती खरी बुरशी होती. हा मासा तासायला एक पेटी असते, वर उलटा बसवलेला रंधा आणि खाली खण. सुताराकडे निघतात तसे तलम, गुलाबी पापुद्रे त्या खणात पडत होते. मी एक तोंडात टाकला. आधी धूर, मग खारट समुद्र, आणि मग थेट आमच्या आत्तेचा माळा, पावसाळ्याच्या बेगमीच्या सुकटाचे डबे ठेवलेला. जपानात आल्यापासून पहिल्यांदा ओळखीचं माणूस भेटल्यासारखं झालं.

हे बाईंना मोडक्यातोडक्या इंग्रजीत सांगितलं, आम्हीही मासळी वाळवतो, खारवतो, घाटावर पाठवतो, असं. त्यांचा चेहरा खुलला. क्योतो समुद्रापासून लांब. जुन्या काळी वाकासाच्या किनाऱ्यावरून मीठ लावलेले साबा, म्हणजे बांगड्याचेच भाऊबंद, पाठीवर घेऊन माणसं डोंगर ओलांडून इथवर चालत यायची. अठरा री अंतर, म्हणजे सत्तर किलोमीटरच्या वर. त्या वाटेला आजही साबा काइदो म्हणतात, बांगड्याचा रस्ता म्हणा. आंबा घाटालाही असं नाव द्यायला हरकत नव्हती.

वन्संच्या भांड्यात अर्थात मासा नाही. त्यांच्यासाठी बाईंनी रात्रभर गार पाण्यात भिजवलेली वाळकी शिइताके अळंबी आणि कोम्बू. चमच्याने चाखायला दिलं तेव्हा मी मुद्दाम दोन्ही चाखली. वन्संची दाशी खोल होती, माझी धारदार. कमी कुठेच नव्हती. याचं कारणही कळलं. १९०८ साली किकुनाए इकेदा नावाच्या रसायनशास्त्रज्ञाने कोम्बूच्या पाण्यातून चव देणारं द्रव्य, ग्लुटामेट, वेगळं काढलं आणि त्या चवीला उमामी नाव दिलं. माणूस मूळचा क्योतोचाच. पुढच्याच वर्षी त्याची पूड बाजारात आली, अजिनोमोटो. आपल्याकडे चायनीजच्या गाडीवर ज्याला सगळे नावं ठेवतात तेच. आणि कोम्बूला सुक्या माशाची किंवा सुक्या अळंबीची जोड मिळाली की चव नुसती मिळत नाही, वाढते. वन्संनी वाटी संपवली आणि म्हणाल्या, "मीठ नाही, तिखट नाही, फोडणी नाही. मग हे लागतंय कशानं?"

भाताला मी पुन्हा मान ताठ केली. भात मला कोण शिकवणार? त्यांचा आखूड, चिकट तांदूळ, आपल्या इंद्रायणीची आठवण यावी असा. मापाची वाटी १८० मिलिलिटरची, तिला गो म्हणतात. पहिलं पाणी घातल्या घातल्या ओतून टाकायचं, कारण कोरडा तांदूळ तेच पाणी सगळ्यात जास्त पितो. मग चोळून तीन-चार पाणी, अर्धा तास भिजवण, आणि शिजल्यावर झाकण न काढता पंधरा मिनिटं तसंच. या शेवटच्या पायरीला त्या म्हणाल्या, "मुरासु."

मी आणि वन्संनी एकमेकींकडे पाहिलं. "मुरवायचा!" आम्ही एकदम म्हणालो. निव्वळ योगायोग, दोन्ही शब्दांचा काही संबंध नाही, पण त्यानंतर बाईंनी "मुरासु" म्हटलं की आम्ही दोघी शाळकरी मुलींसारख्या खुदकन हसायचो. ऑस्ट्रेलियाच्या जोडप्याला वाटलं असणार, भातात काय एवढं विनोदी आहे.

पालकाची भाजी मात्र मला घरी गेल्यासारखी सोपी गेली, म्हणून बिघडली. तीळ भाजायचे, आतून रेघा असलेल्या मातीच्या वाडग्यात लाकडी दांड्याने घोटायचे, साखर आणि शोयू, म्हणजे सोया सॉस, घालून उकडलेल्या पालकाला चोपडायचे. तिळकूट लावलेला पालक, झालं. मी दांडा धरला आणि संक्रांतीच्या जोराने घोटलं. तेल सुटलं, गोळा झाला. अर्धे तीळ अख्खे राहायला हवे होते. शेजारची सिंगापूरची मुलगी, जन्मात तीळ न कुटलेली, तिचे अगदी बरोबर झाले होते.

अंड्याची गुंडाळी, दाशीमाकी, हिच्याविषयी थोडक्यात सांगते, कारण ती मला आली नाही. चौकोनी तवा, त्यात दाशी घातलेलं पातळ अंडं तीनदा ओतायचं आणि दर वेळी लांब काड्यांनी गुंडाळत न्यायचं. माझी पहिली गुंडाळी फाटली. पहिलं घावन मोडायचंच, असं मी स्वतःशी म्हटलं. दुसरीही फाटली. तिसऱ्या थराने वरून पांघरूण घातलं, बाईंनी बांबूच्या चटईत आवळून आकार दिला, आणि कापल्यावर आतला गोंधळ कोणाला दिसला नाही. तेवढ्या वेळात वन्संनी वांग्याच्या जाड कापांवर साखर घातलेला गोडसर पांढरा मिसो लावून ते भाजले, मिरीनशिवाय, आणि वाखाणून घेतले.

शेवटी मिसोचं सूप. टोफू आणि वाकामे नावाचं दुसरं शेवाळ शिजलं की गॅस बंद, मग मिसो डावात घेऊन काड्यांनी सैल करत सोडायचा. पुन्हा गॅस, आणि आता बघत राहायचं. कडेला पाणी थरथरतं, मधे एक फुगा वर येऊ बघतो, त्या क्षणी उतरवायचं. या क्षणाला त्यांच्याकडे शब्द आहे, निएबाना, म्हणजे उकळीचं फूल. फूल उमलताना उतरवलं तर वास राहतो, खळखळू दिलं तर उडून जातो. माझा हात या वेळी बटणावरच होता आणि मनगट धरायला कोणी आलं नाही. कड थरथरली. मी बंद केलं. बाई समोरून नुसत्या मान हलवून पुढे गेल्या.

जेवायला बसलो तेव्हा त्यांनी मघाची ती वाटी आणली. माझा धुतलेला कोम्बू आणि दाशीतून काढलेल्या सगळ्या पट्ट्या बारीक चिरून, शोयू-साखरेत आटवून भाताबरोबर तोंडीलावणं. लोणच्यासारखं. मी दोनदा घेतलं.

निशिकीतून दोन पाकिटं कोम्बू आणला, एक मला, एक वन्संना. माझं अजून अर्धं आहे. वन्संचं संपत आलंय, कारण त्या रोज रात्री बाटलीत एक तुकडा भिजत घालतात आणि सकाळी त्या पाण्यात मुगाची आमटी करतात, फोडणीसकट. परवा त्यांचा फोन आला. "अगं, उद्या एकादशी. कोम्बू उपासाला चालतो का?" मी म्हटलं, वन्सं, भगर चालते, रताळं चालतं, समुद्रातल्या शेवाळाचं कोणाला विचारू? त्या थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, "त्या बाईंनाच विचार की. त्यांच्या देवळात कसं करतात ते."

ईमेल लिहून ठेवला आहे. एकादशी या शब्दाला इंग्रजीत काय लिहावं, तिथे अडलंय.