काचऱ्या विकत मिळत नाहीत

इंदुरात खाणाऱ्याला घड्याळाचं बंधन नाही. सकाळी पोहे-जिलबी, दुपारी कचोरी, संध्याकाळी छप्पन दुकान नावाची खाऊगल्ली. रात्री सराफ्यातल्या सोन्याचांदीच्या पेढ्या बंद झाल्या की त्यांच्याच ओट्यांपुढे ठेले लागतात आणि मध्यरात्र उलटली तरी कढया उतरत नाहीत. भुट्ट्याचा कीस, गराडू नावाचा कंद, साबुदाण्याची खिचडी, पंजाहून मोठा जलेबा. तळता येईल ते सगळं या गावात कोणी ना कोणी तळून विकतोच. पण बटाट्याच्या काचऱ्या विकणारा मला अजून भेटलेला नाही.

यात नवल काही नाही. काचऱ्या म्हणजे तळण नव्हे. भरल्या कढईत बटाटा सोडला की त्याला चहूबाजूंनी सारखीच आच लागते, आणि सगळे तुकडे एकाच रंगाचे, एकाच गणवेशातले होऊन बाहेर पडतात. तव्यावरच्या काचऱ्यांत एकीसारखी दुसरी नसते. कोणाची कड तपकिरी आणि पोट मऊ, कोणी दोन्हीकडून कडक, कोणी तळाला चिकटून बसलेली, जी उलथन्याने खरवडूनच काढावी लागते आणि जिच्यावर घरातल्या निम्म्या लोकांचा डोळा असतो. ही विषमताच तर खायची असते. शिवाय काचऱ्यांचा कुरकुरीतपणा उतरवल्यापासून फार तर दहा मिनिटं टिकतो. एवढ्या वेळात गिऱ्हाईक कुठून आणायचं?

हा पदार्थ घरचाच, आणि घरातसुद्धा ओट्याजवळ उभं राहून खाणाऱ्याचा.

सुरुवात बाजारातच होते. आमच्या लोकमान्य नगरात येणारा भाजीवाला आधी विचारतो, "भाभीजी, सब्जी के लिए चाहिए या चिप्स के लिए?" हा प्रश्न ऐकून पुण्याहून आलेल्या माझ्या नणंदबाई चकित झाल्या होत्या. त्यांच्या मते बटाटा तो बटाटा. माळव्यात तसं नाही. इथल्या काळ्या जमिनीत चिप्सचा बटाटा मुद्दाम पिकवतात, चोइथराम मंडीत 'चिप्स', 'ज्योती' आणि बारका 'गुल्ला' यांचे भाव वेगवेगळे निघतात, आणि उन्हं तापायला लागली की घरोघरी गच्चीवर जुन्या साड्या अंथरून वेफर्सची वाळवणं पडतात. यातला ज्योती म्हणजे 'कुफ्री ज्योती', 1968 सालचं वाण. चिप्ससाठी काढलेल्या 'कुफ्री चिप्सोना'ची पहिली दोन वाणं 1998 मधली. दोन्ही सिमल्याच्या केंद्रीय बटाटा संशोधन संस्थेची. कुफ्री हे त्या सिमल्याजवळचंच गाव. या चिप्सच्या बटाट्यात पाणी थोडं कमी, गर जास्त आणि साखर अगदी नावाला. काचऱ्यांना हवा तो हाच.

साखरेचं प्रकरण जरा नीट सांगण्यासारखं आहे. बटाटा थंडीत ठेवला की स्वतःमधल्या स्टार्चची साखर करायला लागतो. भाजीचा बटाटा शीतगृहात 2 ते 4 अंशांवर महिनोन्महिने पडून असतो, म्हणून पावसाळ्यात कधी कधी भाजी उगीचच गोडसर लागते आणि आपण कांद्याला दोष देतो. असा बटाटा तव्यावर टाकला की पाच मिनिटांत काळपट होतो, आत मात्र कच्चाच. चिप्सवाले म्हणूनच आपला माल 10-12 अंशांवर ठेवतात. घरी तर सोपं आहे: काचऱ्यांचे बटाटे फ्रीजमध्ये ठेवायचे नाहीत. टोपलीत, अंधारात, कांद्यापासून जरा लांब. आमच्या भाजीवाल्याला यातलं रसायन माहीत असेल-नसेल, पण तो छातीठोकपणे सांगतो, "मीठा निकले तो वापस ले आना." आणि खरंच परत घेतो.

अगदी नवा बटाटा, ज्याची साल अंगठ्याने घासली तरी सुटते, तो रस्सा भाजीला द्यावा. काचऱ्यांना तो कोवळा पडतो. पाणी सोडत बसतो आणि कुरकुरीत व्हायचं नाव घेत नाही.

चिरण्यात आमच्या घरी दोन पक्ष आहेत. सासूबाई विळीवर बसतात, बटाट्याच्या उभ्या चार फाका करून त्यांच्या पातळ चकत्या पाडतात. जाडी रुपयाच्या नाण्यापेक्षा किंचित जास्त, आणि त्यांचं वय बघता ती एकसारखी येते हे पाहत राहावं. मी सुरी-पाटवाली. किसणीच्या पात्यावर काप काढू नयेत असं मात्र आमचं दोघींचंही मत आहे. ते इतके पातळ येतात की त्यांचे वेफर्स होतात, काचऱ्या होत नाहीत.

चिरल्या चिरल्या पाण्यात. हवा लागली की चकत्या काळ्या पडतात हे एक कारण. पण त्याहून मोठं कारण पातेल्याच्या तळाशी बसलेलं दिसतं. पाणी थोडा वेळ हलवलं नाही, तर खाली पांढरं दाट सत्त्व साचतं. बोट फिरवलं तर ते कर्रकर्र वाजतं, घट्ट लागतं, आणि बोट उचललं की पुन्हा वाहतं. हेच सत्त्व चकतीच्या अंगावर राहिलं तर तव्यावर त्याची खळ होते, चकत्या एकमेकींना बिलगतात, आणि शेवटी हाती लागतो तो एक गोळा. म्हणून पाणी नितळ दिसेपर्यंत धुवायचं.

आणि मग पुसायचं. इथे लोक कंटाळा करतात. रोळीत निथळलं म्हणजे झालं असं त्यांना वाटतं. झालेलं नसतं. जुन्या पंचावर चकत्या पसरून, वरून दुसऱ्या पंचाने दाबून काढायच्या. बटाट्याच्या पोटातच जवळजवळ 80 टक्के पाणी असतं, त्यात अंगावरचं आणखी कशाला? ओली चकती तापल्या तेलात पडली की तेलाची सगळी उष्णता त्या पाण्याची वाफ करण्यात खर्ची पडते. पाणी आहे तोवर चकतीचं अंग 100 अंशांच्या फार वर जात नाही, आणि खरपूस रंग धरायला 140 च्या आसपास लागतात. हा रंग आणि तो वास ज्या क्रियेने येतो, तिचा शोध लुई-कामीय मायार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने 1912 साली प्रसिद्ध केला. आपल्याकडच्या बायकांनी तो वास त्याआधीच ओळखला होता. कागदावर आणायला सवड नव्हती, इतकंच.

तवा लोखंडाचाच. नॉनस्टिकवर काचऱ्या होतात, पण त्यांना ती खरवड धरत नाही, आणि खरवडीशिवाय काचऱ्या करण्यात काय मतलब. पसरट लोखंडी कढई किंवा खोलगट तवा, चांगला तापलेला. तेल सढळ हाताने. डॉक्टरांनी तेल कमी करायला सांगितलं असेल तर त्या दिवशी दुसरी भाजी करावी, काचऱ्यांवर सूड उगवू नये. मोहरी तडतडली की हिंग, जराशी हळद, आणि चकत्या. एका थरात मावतील तेवढ्याच. ढीग केला की खालच्या चकत्यांची वाफ वरच्यांना शिजवते, सगळ्याच मऊ पडतात, आणि ती काचऱ्यांऐवजी बटाट्याची सुकी भाजी होते. ती वाईट नसते, पण आपण तिच्यासाठी एवढं पुसत बसलो नव्हतो.

झाकणाचा वाद आमच्याकडे कायमचा आहे. सासूबाईंचं म्हणणं, झाकण ठेवून वर पाणी घालावं, म्हणजे बटाटा आतून शिजतो. मी म्हणते, झाकण म्हणजे वाफ आणि वाफ म्हणजे लगदा. तोडगा असा निघालाय की पहिली चार-पाच मिनिटं त्यांची, पुढची माझी. खरं सांगायचं तर हा तोडगा दोघींच्या मूळ मतांपेक्षा सरस आहे. आधी पोट शिजतं, मग कड कडक होते. पण हे त्यांनी कबूल केलेलं नाही, आणि मीही नाही.

झाकण काढल्यावर उलथनं खाली ठेवायचं. हे फार अवघड असतं. भाजी हलवत राहायची सवय हाताला इतकी असते की हात आपोआप जातो. पण चकतीची खालची बाजू कडक झाली की ती तव्याला आपण होऊन सोडते. त्याआधी ओढलं तर कवच तव्यावर राहतं आणि हातात नुसतं पोट येतं. वेळ झाली हे कळतं कसं? कानांनी. सुरुवातीला तव्यातून ओला, दाट, चर्र आवाज येतो. चकत्यांच्या कडेने मोठे बुडबुडे उठत असतात. ती वाफच असते, पाणी बाहेर पडतंय. हळूहळू बुडबुडे बारीक होतात, आवाज विरळ आणि कोरडा होतो, वास बदलतो. तेव्हा एक कड उचलून बघावी. विहिणीशी फोनवर बोलताना हे जमत नाही. घरात टीव्ही मोठ्याने चालू असेल तर तेही नाही.

मीठ शेवटी. आधी घातलं की ते पाणी ओढून काढतं आणि सगळ्या पुसापुशीवर पाणी फिरतं. तिखटही उतरवतानाच, नाहीतर करपतं. एकादशीला हेच तुपात, जिरं आणि हिरवी मिरची घालून, हळद-हिंगाला फाटा देऊन. सासरे गमतीने म्हणायचे की या काचऱ्यांसाठी महिन्यात चार एकादश्या हव्या होत्या.

आमच्या शेजारच्या जैन काकूंना बटाटा चालत नाही, जमिनीखालचं काहीच चालत नाही. त्या हाच सगळा प्रकार कच्च्या केळ्याचा करतात. केळ्याच्या चकत्या बटाट्याहून लवकर रंग धरतात आणि कडक झाल्या तरी दाताखाली जरा कोरड्या लागतात. पण काकूंचा हात असा की वाटी आली की ती धुऊन परत जाते, तेवढा वेळही रिकामी राहत नाही. तिच्यात काहीतरी घालून द्यावंच लागतं.

गराडूवाल्यांकडून मात्र एक गोष्ट शिकण्यासारखी आहे. थंडीत सराफ्यात गराडूचे तुकडे आधी एकदा तळून बाजूला काढलेले असतात. गिऱ्हाईक आलं की ते पुन्हा कडक तेलात पडतात. मधल्या वेळात तुकडा गार होतो, आतलं पाणी बाहेरच्या अंगाला येतं, आणि दुसऱ्या खेपेला तेवढं उडून जायला वेळ लागत नाही. पाहुणे येणार असतील तेव्हा मीही तेच करते. काचऱ्या तासभर आधी अर्ध्याकच्च्या करून ताटात पसरायच्या, पानं घेतली की पुन्हा तव्यावर. रात्रीचे उकडलेले बटाटे उरले असतील तर त्यांच्याही सकाळी गारच्या गार चकत्या पाडाव्यात. गार होताना स्टार्च पुन्हा घट्ट बांधला जातो, त्यामुळे त्या तुटत नाहीत आणि कड सुरेख धरतात.

गराडूवर भुरभुरतात ते जिरावण काचऱ्यांवर घालावं की नाही, यावर सासूबाईंचा निकाल स्पष्ट आहे. जिरावण पोह्यांवर. आमचे हे त्यांची पाठ वळली की चिमूटभर टाकतात, वर लिंबू पिळतात. भाजलेलं जिरं, बडीशेप, आमचूर, काळं मीठ असं सगळं त्या तेलकट कडेला चिकटतं आणि जिभेला जे काही होतं, त्यावर मी तटस्थ आहे असं घरात सांगते.

पुण्यातली लेक एअर फ्रायर घेऊन बसली आहे. चमचाभर तेलात होतात म्हणते. होत असतील. गरम वारा पाणी उडवतो हे खरं, पण तव्याच्या तळाशी जो प्रत्यक्ष लोखंडाचा चटका बसतो तो वाऱ्याने कसा बसायचा? "आई, किलोभर बटाट्याला तेल किती ते नक्की सांग," असं विचारते. मी सांगते, तवा मागेल तितकं. ती फोन ठेवते.

किलोभरावरून आठवलं. एवढं चिरून, धुऊन, पुसून, तव्याच्या दोन-तीन खेपा करून शेवटी बाऊल टेबलावर येतो तेव्हा तो अर्धाच भरलेला असतो. हे त्यात डोकावतात आणि न चुकता म्हणतात, "एवढ्याच? एक किलो आणले होते ना मी?"

"बाकीचं पाणी होतं," मी ओठ पुसत सांगते.