नावाला किस्सा पाहिजे

दुपारी जेवून जरा आडवी झाले होते तेवढ्यात डब्लिनहून भाचीचा मेसेज आला. तिच्या लेकाच्या वर्गातल्या मुलांची यादी, वाढदिवसाला बोलवायचीत, आणि खाली फक्त "मावशी, वाच बघू". ओशीन, नीव, ईफा, मेव्ह, फिन. हे उच्चार तिने नंतर सांगितले बरं का, नाहीतर त्या नीवच्या स्पेलिंगच्या शेवटी 'एमएच' असतं, ते बघून पहिल्या फटक्यात नीव म्हणणाऱ्याला मी पुरणपोळी खायला घालीन.

झोप गेली ती गेलीच. कारण ही सगळी मंडळी आयर्लंडच्या जुन्या दंतकथांमधली आणि त्या कथा माझ्या फार आवडीच्या. फिन म्हणजे फिन मॅकूल, मोठा वीर, नावाचा अर्थ गोरा, उजळ. ओशीन त्याचा मुलगा. ओशीनची आई साइव हिला एका काळ्या जादूगाराने हरिणी करून टाकलेलं, आणि कितीतरी वर्षांनी फिनला स्लायगोच्या बेन बुलबेन डोंगरापाशी एक रानटी पोरगं सापडलं, ते तिचंच. म्हणून ओशीन, हरणाचं पाडस. आणि नीव म्हणजे लखलखाट, जी या ओशीनला घोड्यावर बसवून चिरतरुणांच्या देशात घेऊन गेली. आता ते दोघं एकाच वर्गात आहेत म्हणे आणि डब्यावरून भांडतात.

मला ना, नावाच्या अर्थापेक्षा नावाचा किस्सा लागतो. आपल्याकडे हल्ली बाळाचं नाव वेबसाइटवरून येतं, समोर अर्थाचा रकाना, आणि त्यात तेजस्वी, यशस्वी, चंद्रासारखा, विष्णूचं एक नाव, संपलं. बारशाला कुणी विचारलं की आई तोच रकाना म्हणून दाखवते. छान असतात नावं, माझं काही म्हणणं नाही, पण त्यात घडलेलं काहीच नसतं. महाभारतात बघा, जरा नावाच्या राक्षसिणीने दोन तुकडे सांधले म्हणून जरासंध, जन्मल्या जन्मल्या घोड्यासारखा खिंकाळला म्हणून अश्वत्थामा. याला म्हणतात नाव.

आमच्या आळीत असली नावं पोरंच ठेवायची. एक कंदील होता. खरं नाव चांगलं होतं, पण गणपतीत ऐन आरतीला लाइट गेली, हा धावत घरचा कंदील घेऊन आला आणि मांडवाच्या पडद्याला लावला. पडदा गेला, झालर गेली, पुढच्या रांगेतल्या एका काकांची टोपी गेली, गणपती वाचला. काका पुढचे दहा दिवस बोडक्या डोक्याने आरतीला उभे राहिले, मुद्दाम, सगळ्यांना दिसावं म्हणून. कंदीलच्या लग्नात कुणीतरी माइकवरून "चिरंजीव कंदील" म्हणालं तेव्हा त्याच्या सासरच्यांचे चेहरे मी अजून विसरले नाही. आता तो बँकेत साहेब आहे. आळीतला कुणी भेटला की साहेब गायब, कंदील हजर.

आता आयर्लंडच्या कथांतलाच दुसरा वीर, कु हुलिन घ्या. जन्मनाव सेतांता. राजाला कुलान नावाच्या लोहाराकडे जेवण होतं, राजाने पोराला चल म्हटलं, हा म्हणाला खेळ संपवून येतो. राजा तिकडे गेला आणि विसरला. कुलानने विचारलं सगळे आले ना, राजा म्हणाला आले, झालं, राखणीचा भयंकर कुत्रा मोकळा सोडला. पोरगं आपलं काठीने चेंडू उडवत उडवत येतंय, कुत्रा अंगावर, याने त्याला जागच्या जागी मारला. लोहार रडायला लागला, माझ्या गुराढोरांना आता कोण. एवढंसं पोर म्हणालं, त्याच जातीचं पिल्लू मी वाढवून देतो आणि ते मोठं होईपर्यंत मीच तुमचा कुत्रा. तिथे काथबाद नावाचा द्रुइड, म्हणजे त्यांचा पुरोहित, बसला होता, तो म्हणाला मग आजपासून तू कु हुलिन, कुलानचा कुत्रा. आणि पोरगं काय म्हणालं, मला माझं सेतांताच बरं वाटतं! विचारतो कोण. आमच्या कंदीलनेही खूप विरोध केला होता.

बरं, नाव चिकटलं ते नुसतं हाक मारायला नाही. कुत्र्याचं नाव म्हणून कुत्र्याचं मांस वर्ज्य, हा त्याच्यावर निर्बंध. शेवटच्या लढाईला जाताना वाटेत म्हाताऱ्या बायका कुत्रा भाजत बसलेल्या, चल जेव म्हणाल्या. खाल्लं तर एक निर्बंध मोडतो, चुलीवरचं नाकारलं तर दुसरा. त्याने खाल्लं. पुढे जखमी झाल्यावर उभ्याने मरता यावं म्हणून स्वतःला दगडी खांबाला बांधून घेतलं. त्या क्षणाचा पुतळा डब्लिनच्या जनरल पोस्ट ऑफिसमध्ये आहे, खांद्यावर पक्ष्यासकट, इंग्रजांविरुद्धच्या 1916 च्या उठावाची आठवण म्हणून. भाची तिथून रोज जाते, आत डोकावलेली नाही. असो.

वेल्समधल्या कथांत तर आई मुलाला नावच देत नाही. आरियानरोद, शपथच घेतली तिने, मी दिल्याशिवाय याला नाव मिळणार नाही. मग मामा ग्विदियन चांभाराचं सोंग घेऊन पोराला घेऊन होडी बंदराला लावतो, ही बाई जोड्याचं माप द्यायला येते, पोरगं होडीवर बसलेल्या चिमुकल्या पक्ष्याला नेमका पायात मारतं, आणि हिच्या तोंडून निघून जातं, वा, या गोऱ्याचा हात काय नेमका आहे! झालं नाव. ल्यू, नेमक्या हाताचा. बाई कपाळ बडवत परत.

मेव्ह राहिलीच. आयर्लंडच्या पश्चिमेकडच्या कोनाक्तची राणी, नावाचा अर्थ नशा चढवणारी, मुळाशी आपला मधच आहे. नवऱ्याशी अंथरुणात बरोबरी लावली कुणाची संपत्ती जास्त, एक बैल कमी पडला, तर त्या बैलासाठी युद्ध केलं. आणि एवढी बाई मेली कशाने, तर तळ्यावर अंघोळ करताना भाच्याने गोफणीतून मारलेल्या चीजच्या वाळक्या तुकड्याने. भाचीला हे कळवलं तर म्हणाली ती वर्गातली मेव्ह चीज सँडविचच आणते रोज.

यादीतल्या ईफावर मात्र मी अडकले. ईफा नावाची एक लढवय्यी होती, कु हुलिनला तिच्यापासून मुलगा झाला, कोनला. मुलाच्या जन्माआधीच हा निघाला, एक अंगठी ठेवली, बोटात बसायला लागली की पाठव, नाव कोनला ठेव, आणि अट अशी की ते नाव त्याने कुठल्याच वीराला सांगायचं नाही. सात वर्षांचं पोर होडीतून आयर्लंडच्या किनाऱ्याला लागलं. नाव काय विचारलं, सांगेना. एकेक वीर त्याने हरवला. शेवटी बाप उतरला. बायको एमर आडवी आली, जाऊ नकोस, तो तुझाच आहे. तरी गेला, नाव विचारलं, पोराने बापाची अट पाळली, बापाने भाला मारला. मग बोटातली अंगठी.

सांगायचंच नव्हतं तर ठेवलं कशाला रे नाव?