फोटो नको, आवाज पाठवा

पावसाळा सरला की अंजनेरी, ब्रह्मगिरी, हरिहर करून आलेल्यांचे फोटो येऊ लागतात. कपारीत उलटं लटकलेलं, नाकावर घोड्याच्या नालेसारखी कातडीची घडी असलेलं वटवाघूळ, आणि खाली ठरलेला प्रश्न: “ही कोणती जात?” तुम्ही विचारलंत म्हणून जरा सविस्तर.

दक्षिण भारतातली ही मध्यम आकाराची नालनाकी वटवाघळं बरीच वर्षं ऱ्हायनोलोफस रुक्सी या एकाच नावाखाली मोजली जात. 2012 साली त्यातून ऱ्हायनोलोफस इंडोरुक्सी वेगळी काढली गेली. नुसत्या फोटोवरून निवाडा करणं धोक्याचं आहे. रुक्सीतच काही करडी-तपकिरी, तर काही चक्क नारिंगी असतात. कोपर ते मनगट हे मापही एकाच जातीत 45 ते 52 मिमी असं पसरलेलं.

फरक पहिल्यांदा पकडला जातो तो हाकेत, म्हणजे अंधारात प्रतिध्वनी ऐकून वाट आणि किडे शोधायला ही वटवाघळं जो आवाज काढतात त्यात. रुक्सीची हाक 80 किलोहर्ट्झच्या (आवाज किती चढा ते मोजायचं एकक) आसपास, इंडोरुक्सीची 90च्या आसपास. आपला कान 20च्या पुढे जात नाही. फोनही नाही, कारण तो सेकंदाला आवाजाचे 48,000 नमुने घेतो आणि त्यात 24 किलोहर्ट्झपर्यंतचाच आवाज मावतो. सेकंदाला 256 किंवा 384 हजार नमुने घेणारा बॅट डिटेक्टर, म्हणजे वटवाघळांचा चढा आवाज टिपणारं यंत्र, हवा. एवढा उंच आवाज हवेत लगेच विरतो, त्यामुळे काही मीटरवरूनच रेकॉर्डिंग नीट येतं.

सगळ्यात जास्त घोळ होतो तो उडत्या वटवाघळाचा आवाज मोजल्यामुळे. पुढे उडताना समोरून येणारा प्रतिध्वनी चढा होतो. यांचा कान मात्र एका अरुंद पट्ट्यातच विलक्षण तीक्ष्ण; प्रतिध्वनी तिथे पडावा म्हणून ती उडताना स्वतःची हाक खाली उतरवतात. सेकंदाला 5 मीटर वेग असेल, तर 80ची हाक सुमारे 2.3 किलोहर्ट्झने उतरते. म्हणजे 88चा आकडा मिळाला तर ती उंच हाकेची रुक्सी, की उडता उडता हाक उतरवणारी इंडोरुक्सी, कसं ठरवायचं? म्हणून लटकलेल्याच वटवाघळाची हाक मोजायची. सुदैवाने रुक्सी रात्री फांदीला लटकून, भोवती कानोसा घेत किडे टिपते; तिथे ती सापडते. दिवसा गुहेत शिरून उठवू नका. पिल्लांच्या दिवसांत तर मुळीच नाही, घाबरलेल्या माद्यांची पिल्लं खाली पडतात.

रेकॉर्डिंगच्या आलेखावर (आडवी वेळ, उभे किलोहर्ट्झ) हाक सरळ आडव्या रेघेसारखी दिसते, टोकाला छोटा उतार. आकडा सरळ भागाचाच घ्या, दहा-वीस हाकांचा. अर्ध्यावर, 40-45ला, एक फिकट रेघ दिसेल. ती त्याच हाकेचा खालचा सूर, दुसरं वटवाघूळ नव्हे. 100च्या वर रेघ आली तर या दोघींपैकी कुणीच नाही. पिल्लांची हाक मोठ्यांपेक्षा खालची असते, हेही लक्षात असू द्या.

तरीही आवाज हा पहिला पुरावा, शेवटचा नाही. प्रदेशानुसार हाक सरकते. पक्कं करायला पंखाच्या पडद्यातून 3 मिमीचा तुकडा घेऊन 95 टक्के अल्कोहोलमध्ये ठेवतात आणि डीएनए तपासतात. फॉर्मलिनमध्ये ठेवलात तर डीएनएचे तुकडे होतात, नमुना वाया जातो. वटवाघूळ पकडायला वनखात्याची परवानगी, हातमोजे आणि आधी घेतलेली रेबीजची लस, तिन्ही हवंच. हौसेने करायचं हे काम नाही.

तुम्ही फक्त आवाज पाठवा: मूळ वेव्ह (.wav) फाइल, सोबत जागा, वेळ, आणि वटवाघूळ लटकलेलं होतं की उडत होतं. एमपीथ्री करू नका, त्यात हवा तो वरचा आवाजच कापला जातो. व्हॉट्सॲपवर पाठवायची तर डॉक्युमेंट म्हणून जोडा.