दिल्लीच्या मॅटवरची सहा मिनिटं

काट्यावर ५४.७ आकडा दिसला आणि मी सुटकेचा श्वास सोडला. वाको ही किकबॉक्सिंगची जागतिक संघटना. दिल्लीला भरणाऱ्या वाको इंडिया ओपन या आंतरराष्ट्रीय किकबॉक्सिंग स्पर्धेत मी लाइट कॉन्टॅक्ट या प्रकारात ५५ किलोखालील गटात नाव दिलं होतं. वय ३१, मुलगी पाच वर्षांची, आणि कऱ्हाडहून दिल्लीला जायची ही पहिलीच वेळ. गोवा एक्सप्रेसमध्ये बाकीच्यांनी दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी सोडली, तेव्हा मी वरच्या बर्थवर भिंतीकडे तोंड करून पडले होते. वास मात्र वर येतच होता.

मला शिकवणाऱ्या सरांनी वजन उतरवण्यासाठी पाणी तोडायला साफ मनाई केली होती. तीन आठवडे मीठ कमी आणि रात्रीचं जेवण सातच्या आत, एवढंच. वजनाच्या रांगेत ओठ सुकलेल्या, डोळे आत गेलेल्या मुली पाहिल्या आणि सरांचं म्हणणं पटलं. आदल्या रात्री घाम गाळून वजन उतरवायची वेळ येत असेल तर सरळ वरच्या गटात खेळावं, असं माझं स्पष्ट मत झालंय.

नावनोंदणी ऑनलाइन झाली. फोटो, ओळखपत्र, डॉक्टरांचा दाखला. बायकांना गर्भवती नसल्याचंही लेखी द्यावं लागतं. तो कागद मी स्वयंपाकघरात बसून भरत होते. सासूबाई वाकून बघत म्हणाल्या, "आता हेही विचारतात का गं?"

"आई, पोटात लाथ बसते. विचारायलाच हवं."

त्यांनी चष्मा लावून सगळा कागद वाचला आणि मग सहीसाठी पेन आणून दिलं. खर्च माझ्या भिशीतून निघाला.

खरी अडचण आली ती लढतीच्या अर्धा तास आधी, साहित्य तपासणीच्या टेबलावर. हेडगार्ड, दहा औंसचे ग्लोव्हज, शिनगार्ड, माउथगार्ड, छातीचा गार्ड, सगळं ठीक. मग तिथल्या बाईंनी माझ्या नाकाकडे बोट दाखवलं. चमकी! मंगळसूत्र मी घरीच काढून ठेवलं होतं, पण सात वर्षं अंगावर असलेली चमकी माझ्या ध्यानातही नव्हती. अंगावर कुठलाही दागिना चालत नाही, वरून चिकटपट्टी लावलेलीही नाही. नियम बरोबरच आहे. नाकावर एक ठोसा बसला तर ती आत रुतेल.

फिरकी काही केल्या हलेना. बोटांना टेप गुंडाळलेली, त्यामुळे पकड नाही. शेवटी मणिपूरच्या एका मुलीने मला बेसिनपाशी नेलं, साबणाचा फेस केला आणि एका हाताने माझं डोकं भिंतीला टेकवून दुसऱ्या हाताने फिरकी उलटी फिरवायला लागली. तिला मराठी येत नाही, मला मणिपुरी येत नाही. डोळ्यांतून पाणी आलं तेव्हा कुठे ती निघाली. टेपच्या तुकड्यात गुंडाळून मी ती आधार कार्डाच्या पाकिटात ठेवली.

समोर कझाकस्तानची मुलगी. दोन-दोन मिनिटांच्या तीन फेऱ्या, मध्ये एकेक मिनिट विश्रांती. पहिल्या अर्ध्या मिनिटात माझी उजवी लाथ तिच्या बरगडीवर थाडकन बसली. मला वाटलं, मिळाला गुण. रेफ्रींनी "स्टॉप" म्हणून मला ताकीद दिली. लाइट कॉन्टॅक्टमध्ये फटका लागला पाहिजे, पण आवरलेला. वर्षभर मी बॅगेवर जीव खाऊन लाथा मारल्या होत्या आणि तीच सवय अंगात भिनली होती. ताकिदी वाढल्या की गुण जातात, म्हणून दुसऱ्या फेरीत मी लाथ अर्ध्यावरच रोखायला लागले आणि ती पोचेचना. ती मुलगी मात्र पुढचा पाय उचलून माझ्या हेडगार्डला असा टेकवायची, की जणू कपाळावर टिकली लावतेय. डोक्याला लाथ म्हणजे दोन गुण. तिसऱ्या फेरीत मी हातांवर भर दिला, बरीच जवळ आले, पण तीनपैकी दोन पंचांचा कौल तिला गेला.

दुसऱ्या दिवशी इंदिरा गांधी स्टेडियमच्या आवारातलं कुस्तीगीर खाशाबा जाधवांच्या नावाचं सभागृह बाहेरून पाहून आले. त्यांचं गाव गोळेश्वर, आमच्या कऱ्हाडला लागूनच. वर्गणी काढून पाठवलेला हा गडी १९५२ साली हेलसिंकीत ५७ किलो गटात कांस्यपदक जिंकून आला. पाटीसमोर मी बराच वेळ उभी होते.

घरी आल्यापासून सगळे विचारतात, हे ऑलिंपिकमध्ये आहे का? आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीने २०२१ साली वाकोला पूर्ण मान्यता दिली आहे, पण ऑलिंपिकमध्ये हा खेळ अजून खेळवला जात नाही. लोकांचं यावर समाधान होत नाही, पण मला त्याने काही अडत नाही.

सरांनी आता माझा बॅगेवरचा सराव निम्म्यावर आणला आहे. त्याऐवजी दोरीवर वर्तमानपत्राचं एक पान टांगतात. लाथेने पान वाजलं पाहिजे, फाटता कामा नये. पहिल्या आठवड्यात रोज चार-पाच पानांच्या चिंध्या व्हायच्या. काल एकच फाटलं.